रेयांश : खानदेशच्या पाळण्यातील एका नव्या नावाची चौकशी

गेल्या पंधरा-वीस वर्षांत धुळे आणि जळगाव जिल्ह्यांतील बारशांना ज्यांनी हजेरी लावली असेल, त्यांच्या कानांवर रेयांश, कियान, विहान, अद्विक, कियारा, मायरा अशी नावे खचितच पडली असतील. आत्याबाईने बाळाच्या कानात नाव सांगितले, तिच्या पाठीवर रिवाजाचे धपाटे बसले, घुगऱ्या वाटून झाल्या, की कोपऱ्यात बसलेली एखादी आजी 'काय नाव ठेवं वं माय?' असे विचारते. आणि बाळाची आई नाव तर सांगतेच, पण पाठोपाठ, कुणी न विचारता, त्याचा अर्थही सांगते. ही अर्थकथनाची पद्धत नवी आहे. सखाराम, पुंडलिक, गंगूबाई, तापीबाई या नावांचा अर्थ कुणी कुणाला समजावून सांगत नसे, कारण ती नावे ज्या देवाची, भक्ताची किंवा नदीची होती, तो देव, तो भक्त आणि ती नदी ऐकणाऱ्याच्या नित्य परिचयाची होती. आज नाव अनोळखी असते, म्हणून त्याला अर्थाचा दाखला जोडावा लागतो. आणि तो दाखला अस्सल आहे की बनावट, याची तपासणी करण्याचे काम सहसा कुणी अंगावर घेत नाही. ते येथे यथाशक्ति करावयाचे आहे.

सोनगीरसारख्या गावी बसून ही तपासणी करण्यात एक औचित्य आहे. धुळ्याच्या उत्तरेस सुमारे वीस किलोमीटरांवर, मुंबई-आग्रा महामार्गालगत वसलेल्या या गावाच्या माथ्यावर जो जुना किल्ला आहे, त्याचे पंडिती नाव सुवर्णगिरी आणि लोकांच्या तोंडचे सोनगीर. ही दोन्ही रूपे आजही शेजारी शेजारी नांदतात, आणि 'सुवर्ण'चे 'सोण्ण' व पुढे 'सोने' कसे झाले हे ज्याला ठाऊक आहे, त्याला एका रूपापासून दुसऱ्या रूपापर्यंतचा रस्ता पावलापावलाने दाखवता येतो. ज्या मुलखात हे गाव आहे त्या खानदेशाच्या नावाची हकीकत मात्र इतकी सरळ नाही. कुणी ते कान्हदेशापासून काढतात, कुणी सेउणचंद्र यादवाच्या सेउणदेशापासून, तर कुणी येथे १६०१पर्यंत राज्य करणाऱ्या फारुकी सुलतानांच्या 'खान' या किताबापासून. तिन्ही मतांना कैवारी आहेत आणि वाद मिटलेला नाही. इतके मात्र निश्चित की, त्या साली असीरगड हस्तगत केल्यावर अकबराने शहजादा दानियाल याच्या नावावरून या सुभ्याचे नाव 'दानदेश' असे ठेवले, ते दफ्तरात चढले, आणि लोकांच्या जिभेवर कधीच बसले नाही. पातशाही हुकमाने दिलेले नाव रयतेने न वापरून रद्द केले, ही गोष्ट नामकरणाचा विचार करणाऱ्याने ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

आता रेयांशाकडे वळू. हे नाव ठेवणारे आईबाप त्याचा अर्थ 'प्रकाशाचा अंश' किंवा 'विष्णूचा अंश' असा सांगतात, आणि ते संस्कृत आहे याबद्दल त्यांच्या मनात शंका नसते. परंतु आपट्यांचा कोश उघडा, मोनिअर विल्यम्सचा १८९९चा भला थोरला कोश उघडा. रेयांश तेथे नाही. न का असेना, कोशात नसलेला शब्दही व्याकरणाने साधता येतो. तेव्हा साधून पाहावे. 'अंश' हा उत्तरार्ध निर्विवाद संस्कृत आहे. प्रश्न आहे तो पूर्वार्धाचा. 'रेय' असा प्रकाशवाचक किंवा विष्णुवाचक शब्द संस्कृतात नाही. संपत्ति या अर्थाचा 'रै' हा शब्द आहे, पण रै आणि अंश यांचा संधी केला तर ऐकाराचा 'आय्' होऊन 'रायंश' असे रूप मिळते, रेयांश मिळत नाही. आणि त्याचा अर्थही धनाचा वाटा असा होतो, ज्यासाठी कोर्टात दावे चालतात, बारसे करीत नाहीत. 'प्रकाशाचा अंश' हा अर्थ एकाच रीतीने जुळतो: पूर्वार्ध इंग्रजी 'रे', म्हणजे किरण, असा घेतला आणि उत्तरार्ध संस्कृत ठेवला, तर. म्हणजे ज्या नावाला आपण पुरातन समजतो ते, सांगितलेला अर्थच खरा धरला तर, दोन भाषांच्या जोडकामाने गेल्या काही वर्षांत घडलेले ठरते.

माझा स्वतःचा तर्क निराळा आहे, आणि तो तर्क म्हणूनच मांडतो. जैनांच्या चोवीस तीर्थंकरांतील अकरावे तीर्थंकर श्रेयांसनाथ होत. त्यांचे नाव 'श्रेयस्' या शब्दापासून आलेले आहे. प्राकृतात ते 'सिज्जंस' असे होते, त्याचा अर्थ अधिक कल्याणकारक, अधिक श्रेष्ठ असा आहे, आणि त्यात 'अंश' कोठेही नाही. शेवटी दंत्य 'स' आहे. खानदेशातील जैन घराण्यांत हे नाव चालत आले. पुढे शिवांश, दिव्यांश, वेदांश या नावांची लाट आली तेव्हा 'श्रेयांस'चे 'श्रेयांश' असे लेखन होऊ लागले, आणि आरंभीचा 'श्' गळून, ऐकायला हलके, लिहायला सोपे आणि परक्या मुलखातही उच्चारता येईल असे 'रेयांश' उरले असावे. तसे असेल तर या मुलाच्या नावामागे एका तीर्थंकराचे दोन सहस्रकांहून जुने नाव उभे आहे, जे 'प्रकाशाचा अंश' या बनावट अर्थाहून कितीतरी अधिक वजनाचे आहे.

बाकीच्या नावांचा झाडा थोडक्यात घेता येईल. 'आरव' या नावाचा अर्थ 'शांत' असा सर्रास छापला जातो. पण संस्कृतात आरव म्हणजे आवाज, ओरडा, आक्रोश, आणि आपला कोंबडा पहाटे आरवतो तो त्याच धातूने. शांततेचा अर्थ 'नीरव' या शब्दाचा आहे, तो शेजारच्या नावाला चुकून चिकटला असावा. 'विहान' या नावाचा पहाट हा अर्थ मात्र खरा आहे. 'विभान' म्हणजे उजळणे, त्यातील 'भ'चा प्राकृतात 'ह' झाला, आणि हिंदी मुलखात बिहान म्हणजे सकाळ हे शेतकऱ्यालाही कळते. 'अद्विक' म्हणजे अद्वितीय असे म्हणतात. 'द्विक' म्हणजे दोहोंची जोडी, तेव्हा अद्विक ओढूनताणून 'ज्याची जोडी नाही तो' असा सिद्ध करता येईल, पण कोणा कवीने वा शास्त्रकाराने तो या अर्थी योजलेला माझ्या पाहण्यात नाही. 'कियान' फारसी आहे. शाहनाम्यातील कैकोबाद, कैकाऊस, कैखुस्रो या राजांच्या वंशाला कयानी म्हणतात आणि कियान हे त्याच 'कै'चे अनेकवचन. येथे 'राजे' हा सांगितला जाणारा अर्थ बरोबर आहे. 'कियारा' इटालियन आहे, लॅटिनमधील स्वच्छ व तेजस्वी या अर्थाच्या शब्दापासून आलेले. असिसीच्या संत क्लारेचे मूळ नाव तेच, आणि आपल्याकडे ते २०१०च्या एका हिंदी चित्रपटातील नायिकेच्या नावावरून पसरले. 'मायरा'ची हकीकत तर विशेष मनोरंजक आहे: हे नाव कोणत्याही देवतेचे नसून, १६२८ साली निवर्तलेल्या फुल्क ग्रेव्हिल या इंग्रज कवीने आपल्या प्रेमकवितांतील नायिकेसाठी ते योजले. चारशे वर्षांनी ते शिंदखेडा तालुक्यातल्या एखाद्या अंगणवाडीच्या हजेरीपटावर यावे, यात मला विस्मय वाटतो आणि आनंदही.

मग प्रश्न असा की, आईबाप इतक्या दूरवर नावे शोधीत का फिरतात? कारणे अनेक आहेत, पण एक कारण असे आहे ज्याकडे फारसे लक्ष गेलेले नाही. सत्तावीस नक्षत्रे, प्रत्येकाचे चार चरण, आणि प्रत्येक चरणाला एक अक्षर, अशी १०८ अक्षरांची जी योजना पंचांगात अवकहडा चक्र म्हणून दिलेली असते, तिच्यावरून पूर्वी जन्मनाव काढले जाई. परंतु ते जन्मनाव पत्रिकेत राही, लग्न जुळवताना बाहेर निघे, आणि व्यवहारात मुलगा दगा, भिका किंवा सुपडू याच नावाने वावरे. जन्मनाव आणि व्यवहारनाव ही दोन भिन्न खाती होती. आता ती एक झाली आहेत. ज्योतिषाने सांगितलेल्या अक्षरावरूनच शाळेत घालावयाचे नाव निघाले पाहिजे, असा आग्रह घरोघर दिसतो. आणि मग ज्या घरी मूल आर्द्रा नक्षत्राच्या तिसऱ्या चरणावर जन्मले तेथे 'ङ' हे अक्षर येते, हस्ताच्या तिसऱ्या चरणाला 'ण' येतो, उत्तराभाद्रपदेच्या चौथ्याला 'ञ'. या अक्षरांनी आरंभ होणारा शब्द मराठीत नाही. ही चिठ्ठी हातात घेतलेला बाप पुस्तकांच्या दुकानात आणि मोबाईलवर शोध घेऊ लागतो, तेव्हा अक्षर जुळवून आणि अर्थ चिकटवून तयार ठेवलेली नावे त्याची वाटच पाहत असतात. दुसरे कारण वर्गातल्या गर्दीचे आहे. ज्यांच्या वर्गात एकाच वेळी चार योगेश आणि पाच पूजा होत्या, आणि ज्यांना गुरुजी आडनावाने किंवा उंचीने ओळखत, ते आज आईबाप झाले आहेत. आपल्या लेकराने तरी वर्गात एकटेच असावे असे त्यांना वाटले तर त्यात अस्वाभाविक काही नाही.

नाव कसे असावे याचा विचार आपल्याकडे फार जुना आहे. पारस्कर गृह्यसूत्र सांगते की, मुलाचे नाव दोन किंवा चार अक्षरांचे असावे, घोषवर्णाने त्याचा आरंभ व्हावा, मध्ये अंतःस्थ असावा, आणि ते कृदन्त, म्हणजे धातूपासून साधलेले, असावे; तद्धित, म्हणजे नामापासून साधलेले, नसावे. मुलीचे नाव विषम अक्षरांचे आणि आकारान्त असावे. या कसोटीला गंगा आणि माया उतरत नाहीत, अहल्या आणि सुनंदा उतरतात; पण लोकांनी हा नियम सूत्रातच राहू दिला. अधिक महत्त्वाची साक्ष पतंजलीची आहे. व्याकरण का शिकावे याची प्रयोजने सांगताना त्याने महाभाष्याच्या आरंभीच हे एक प्रयोजन दिले आहे की, पुत्राचे नाव कृदन्त असावे असे याज्ञिक म्हणतात, आणि व्याकरणावाचून कृदन्त कोणते, तद्धित कोणते हे कळणार कसे? म्हणजे ख्रिस्तपूर्व दुसऱ्या शतकातही बारशाच्या दिवशी व्याकरण जाणणाऱ्याचे काम पडत होते. त्याच ग्रंथात पुढे एक वाद आहे, जो आजच्या प्रश्नाच्या गाभ्याला भिडतो. कुणी आपल्या मर्जीने, कोणताही धातू व प्रत्यय न पाहता, 'लृतक' असे नाव ठेवले तर त्या यदृच्छाशब्दाला भाषेत स्थान द्यावयाचे की नाही? एक पक्ष म्हणतो की जाति, गुण आणि क्रिया यांप्रमाणेच यदृच्छा हाही शब्दाचा चौथा प्रकार आहे. दुसरा पक्ष म्हणतो, असे शब्द नाहीतच, ते 'ऋतक'सारख्या शुद्ध शब्दाचे बिघडलेले उच्चार आहेत. रेयांश हा नवा स्वतंत्र शब्द मानावा की श्रेयांसाचा बिघडलेला उच्चार, या वादाचे दोन्ही पक्ष दोन हजार वर्षांपूर्वीच मांडून झालेले पाहून, निदान मला तरी या विषयात कुणावर चिडण्याचे कारण उरले नाही.

खानदेशाने आजवर नावांचे किती थर पचवले याचा पुरावा जमिनीवर आणि माळ्यावर दोन्हीकडे सापडतो. चाळीसगावजवळच्या पाटणे येथे भाऊ दाजी लाडांना जो शिलालेख मिळाला, तो इ. स. १२०७च्या सुमाराचा आहे. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने मठ स्थापला आणि त्याला निकुंभ घराण्यातील मांडलिक राजांनी दान दिले, अशी त्याची हकीकत आहे. त्यात ज्योतिषी घराण्याची वंशावळ त्रिविक्रम, भास्करभट्ट, गोविंद, प्रभाकर, मनोरथ, महेश्वर, भास्कर, लक्ष्मीधर अशी निखळ संस्कृत नावांनी चालत येते आणि शेवटी 'चांगदेव' या देशी नावावर थांबते. दान देणाऱ्या राजांची नावे सोईदेव आणि हेमाडिदेव आहेत. म्हणजे सिद्धान्तशिरोमणीच्या कर्त्याच्या घरातही नातवाचे नाव ठेवताना लोकांच्या तोंडची भाषा पाळण्यापर्यंत पोहोचली होती, आणि त्यामुळे त्या घराण्याची विद्या काही उणावली नाही.

पुढच्या थरात फारसी आणि अरबी आले. दौलत, गुलाब, फकिरा, साहेबराव, उमराव ही नावे आज कुणाला परकी वाटत नाहीत. धुळे जिल्ह्यातील शेतकरी घरांत 'हिलाल' हे नाव वडीलधाऱ्या पिढीत सहज आढळते. अरबीत हिलाल म्हणजे द्वितीयेचा कोवळा चंद्र, आणि कानबाईचे रोट निष्ठेने करणाऱ्या घरातल्या आजोबांचे नाव हिलाल असण्यात कुणाला विसंगती वाटलेली नाही. त्याच पिढीत लोटन, दगा, झिपरू, उखा, भिका, सुपडू आहेत. मुले जगत नसत तेव्हा जन्मलेले मूल सुपात घालून, उकिरड्यावर क्षणभर ठेवून किंवा दुसऱ्याकडून भिक्षा म्हणून परत घेऊन त्याला सुपडू, उकर्डा, भिका असे नाव देत, म्हणजे मृत्यूला ते मोलाचे वाटू नये. या नावांना आज गावंढळ म्हणून हसणाऱ्यांनी त्या आयांची छाती किती धडधडत असेल याची कल्पना करावी. माझ्या मते वात्सल्याचा इतका तीव्र उद्गार असलेली नावे मराठीत दुसरी नाहीत.

सोनगीर तांब्यापितळेच्या भांड्यांसाठी सबंध खानदेशात प्रसिद्ध आहे, आणि भांड्यावर नाव टाकून घेण्याचा रिवाज येथे जुना आहे. एखाद्या जुन्या घराच्या माळ्यावरची भांडी खाली काढली तर हे थर हाताने मोजता येतात: तांब्याच्या हंड्याच्या गळ्याशी छिन्नीने पाडलेल्या ठिपक्यांत पणजोबांचे 'लोटन' किंवा 'दगा', पितळी पातेल्यावर आजोबांचे 'सुभाष' किंवा 'रवींद्र', लग्नात आलेल्या परातीवर यंत्राच्या सुईने कोरलेले बापाचे 'योगेश', आणि बारशाला आलेल्या इवल्याशा वाटीवर 'चि. रेयांश'. ही शेवटची वाटी कोरून घेताना कारागीर सुई उचलून विचारतो, 'श शहामृगाचा ना?' हंड्यावर नाव पाडणाऱ्या त्याच्या आजोबाला असे विचारण्याची वेळ आली नसेल. आणि या एका प्रश्नात, दंत्य 'स' की तालव्य 'श' या आपल्या चौकशीचा सारा मुद्दा येऊन जातो. त्या क्षणी जे कोरले जाईल तेच पुढे चालायचे.

नावाचा अर्थ काहींच्या वाट्याला मुद्दाम हीन ठेवला गेला, ही या इतिहासाची काळी बाजू सांगितल्यावाचून पुढे जाता येत नाही. ब्राह्मणाचे नाव मंगल, क्षत्रियाचे बलसूचक, वैश्याचे धनसूचक आणि शूद्राचे जुगुप्सित असावे, असे मनुस्मृतीचा दुसरा अध्याय सांगतो. आणि कचऱ्या, धोंड्या, केऱ्या ही नावे सर्वच ठिकाणी आईच्या भयातून आलेली नव्हती, काही ठिकाणी ती गावाच्या नजरेतून आली होती. ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या शाळेच्या रजिस्टरात ज्या मुलाचे नाव 'भिवा रामजी आंबेडकर' असे चढले, त्याच्या हातून १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरास जे धर्मांतर घडले, त्याने महाराष्ट्राच्या नामकोशात एकदम नवे दालन उघडले: सिद्धार्थ, राहुल, गौतम, सुजाता, संघमित्रा, प्रज्ञा, मिलिंद. यांतील मिलिंद हे नाव घटकाभर थांबून पाहावे. हा ख्रिस्तपूर्व दुसऱ्या शतकातील यवन राजा मिनँडर, ज्याने नागसेन भिक्षूला प्रश्न विचारले. त्याच्या ग्रीक नावाचे पालीत मिलिंद झाले, आणि बाबासाहेबांनी तेव्हाच्या औरंगाबादेतील आपल्या महाविद्यालयासाठी ते निवडले. आज मिलिंद हे नाव जातिधर्म न पाहता घरोघर आहे आणि ते ग्रीक आहे याची कुणाला आठवणही नाही. कियानला आणि कियाराला परके म्हणून नाके मुरडणाऱ्यांना याहून चोख उत्तर नाही. हीन नावाचे दुसरे रूप मुलींच्या वाट्याला आले. मुलगा हवा असताना झालेल्या मुलीला 'नकुशी' म्हणण्याची चाल साताऱ्याकडे इतकी रुळली होती की, ऑक्टोबर २०११मध्ये तेथील जिल्हा परिषदेने पावणेतीनशेहून अधिक नकुशींना समारंभपूर्वक नवी नावे दिली. ज्या मुलीने आपले नवे नाव स्वतः निवडले, तिला अर्थाची किंमत कोशकारांहून अधिक कळली असली पाहिजे.

विसाव्या शतकातील इतर लाटांबद्दल फार लिहिण्याचे कारण नाही. मामा वरेरकरांच्या अनुवादांमुळे शरदबाबूंच्या कादंबऱ्या मराठी घरांत शिरल्या, बंगालचे रवींद्र, सुभाष आणि अरविंद आपलेसे झाले. नंदुरबारचा शिरीषकुमार ९ सप्टेंबर १९४२ रोजी गोळ्या झेलून पडला; त्याचे नाव त्या काळी किती नवे होते हे आपल्या ध्यानातही येत नाही, इतके ते आता इतिहासाचे झाले आहे. रमेश तेंडुलकरांच्या घरी सचिन देव बर्मन यांच्या संगीताच्या प्रेमापोटी मुलाचे नाव सचिन ठेवले गेले, आणि पुढे त्या मुलाच्या प्रेमापोटी किती सचिन झाले याची गणती नाही. २०१६च्या 'सैराट'नंतर आर्ची हे नाव गावोगाव पोहोचले. असोद्याची बहिणाबाई १८८० साली जन्मली. बहिणा हे नाव आज कोणी मुलीला ठेवत नाही, पण २०१८पासून जळगावच्या विद्यापीठाच्या प्रत्येक पदवीपत्रावर ते छापले जाते, आणि त्या पदव्या घेऊन बाहेर पडणाऱ्यांत पुढे कियारा आणि शनायाही असतील.

परकी नावे मराठीने आपल्या जिभेवर कशी वळवली याचे एक सुंदर उदाहरण कोकणातील बेने इस्राएल समाजात आहे. मुंबईत १७९६ साली ज्यांनी पहिले यहुदी प्रार्थनामंदिर बांधले, ते सॅम्युएल इझेकिएल दिवेकर आपल्या लोकांत सामाजी हसाजी दिवेकर होते. हिब्रू नाव, मराठी प्रत्यय, गावावरून आडनाव. यात कुठेही लपवाछपवी नाही. माझे म्हणणे एवढेच आहे. नाव परके असण्यात कमीपणा नाही, नवे घडवण्यात अपराध नाही, कानाला गोड वाटले म्हणून ठेवण्यातही काही गैर नाही. मात्र इटालियन शब्दाला वेदाचा आणि जोडशब्दाला विष्णूचा दाखला चिकटवून तो अजाण आईबापांच्या हाती देणे ही फसवणूक आहे. तिने मुलाचे काही बिघडत नाही असे म्हणणाऱ्यांना माझा प्रश्न आहे की, ते मूल मोठे होऊन कोश उघडील तेव्हा त्याला काय सांगावयाचे? ज्यांनी आपले अखेरचे दिवस धुळ्यात घालवले, ३१ डिसेंबर १९२६ रोजी तेथेच देह ठेवला, आणि ज्यांचे संशोधन मंडळ आजही त्या शहरात उभे आहे, त्या इतिहासाचार्य राजवाड्यांनीही नावांच्या व्युत्पत्ती लावताना पुष्कळदा ओढाताण केली आहे. पण ते शब्दाच्या प्रवासाची पायरीन् पायरी वाचकापुढे मांडीत, त्यामुळे त्यांची चूक दाखवण्याचा मार्गही त्यांच्याच पानावर मोकळा राही. आजच्या नावांच्या याद्यांत अर्थ असतो, पायरी नसते.

कायद्याने यात हात घालावा असे मात्र मला वाटत नाही. फ्रान्सात १८०३च्या कायद्याने ठरीव नावांपलीकडे नाव ठेवण्यास मनाई होती, ती १९९३मध्ये सैल झाली. आइसलँडमध्ये नव्या नावाला समितीची मंजुरी लागते. आपल्याकडे अशी हरकत घेणारे दफ्तर नाही, आणि नाही तेच इष्ट आहे. आपला १९६९चा जन्ममृत्यू नोंदणीचा कायदा तर इतका उदार आहे की, मुलाची नोंद नावावाचूनही होते. नाव पुढे बारा महिन्यांत विनाशुल्क आणि त्यानंतर विलंबशुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत घालता येते. तेव्हा दवाखान्यातून घरी जाण्यापूर्वी घाईघाईने एखाद्या यादीतले नाव उचलण्याची गरज नाही; तालुक्याच्या वाचनालयात आपटे आहेत, कृ. पां. कुलकर्ण्यांचा व्युत्पत्तिकोश आहे, संस्कृत शिकवणारे गुरुजी अजून हायस्कुलांत आहेत, त्यांना विचारावे. १ ऑक्टोबर २०२३नंतर जन्मलेल्यांना शाळाप्रवेशापासून पारपत्रापर्यंत हा जन्मदाखलाच पुरावा म्हणून चालावयाचा असल्याने त्यावरचे अक्षर पुढे बदलणे अधिकच जिकिरीचे होणार आहे. 'श'चा 'स' करावयाचा तर राजपत्रापर्यंत धाव घ्यावी लागेल.

त्या दाखल्यावर आता आणखी एक नाव आले आहे. महाराष्ट्र शासनाच्या निर्णयानुसार १ मे २०२४ रोजी व त्यानंतर जन्मलेल्यांच्या सरकारी दस्तऐवजांत आधी मुलाचे नाव, मग आईचे, मग वडिलांचे आणि शेवटी आडनाव असा क्रम ठरला आहे. जुन्या कोतवाल बुकात बापाच्या नावापुढे 'मुलगा' किंवा 'मुलगी' एवढेच लिहून भागत असे. नव्या दाखल्यावर रेयांशच्या लगोलग आईचे कविता किंवा सुनंदा हे नाव येईल, ज्याचा अर्थ तिला ठाऊक आहे आणि ज्याची व्युत्पत्ती कुणालाही सांगता येते. आणि पाळण्याशी बसून मुलाच्या नावाचा अर्थ आजीला समजावून सांगणारीही तीच असते, म्हणून नावाच्या खऱ्या अर्थाची चौकशी करण्याचा पहिला अधिकारही मी तिचाच मानतो.